कुलपावरचा पत्ता

४ फेब्रुवारी

सप्रेम नमस्कार,

तुमचं नाव मला माहीत नाही, त्यामुळे मायना कोरडा वाटला तर राग मानू नका. तुमचा पत्ता मला एका लॅपटॉपच्या पडद्यावर मिळाला.

मी कपड्यांच्या कारखान्यात पॅटर्न काढते. म्हणजे कॉलर, बाही, पाठ असे कपड्याचे सुटे भाग कॉम्प्युटरवर आखून द्यायचे, मग ते कापणाऱ्यांकडे जातात. घरीही थोडं काम घेते, म्हणून जुन्या कॉम्प्युटरच्या एका दुकानातून हा लॅपटॉप घेतला. इतके दिवस गुणी बाळासारखा चालला. मागच्या आठवड्यात त्याची डिस्क गेली. दुरुस्तीवाल्याने नवी बसवली, बटण दाबलं, आणि काळ्या पडद्यावर उगवलं एक कुलूप! खाली पासवर्डची रिकामी चौकट. त्याच्याही खाली एक ओळ, 'सापडल्यास या पत्त्यावर पाठवावा', आणि तुमचा पत्ता. नाव नाही, फोन नंबर नाही.

दुरुस्तीवाला म्हणाला, "ताई, हे आतलं कुलूप आहे. रोजच्या पासवर्डसारखं नाही. मशीनच्या चिपमध्येच बसलेलं असतं. डिस्क बदला, सगळं पुसून टाका, ते जागचं हलत नाही. उलट आपण डिस्क बदलली म्हणून ते जागं झालं."

कंपनी उघडून देते म्हणे, पण त्यांना पहिल्या मालकाचं नाव आणि मूळ बिल लागतं. चिप उपटून दुसरी बसवण्याचाही मार्ग असतो. पण पत्ता वाचल्यावर दुरुस्तीवाल्याने हात आखडता घेतला. "उद्या चोरीचा निघाला तर माझ्या गळ्यात येईल," म्हणाला.

मी चोर नाही हो. दुकानाची पावती माझ्याकडे आहे. सध्या कारखान्यात सुट्टी झाली की कुणाचा तरी कॉम्प्युटर मोकळा होण्याची वाट बघत ताटकळते आणि सगळ्यांच्या कपाळावरच्या आठ्या मोजते. पासवर्ड माहीत असेल तर कृपया कळवा. आणि तुमचा लॅपटॉप चोरीला गेला असेल तर तसंही कळवा, मी स्वतः आणून देईन.

माझा पत्ता पाकिटामागे आहे.

आपली,
लॅपटॉप घेतलेली बाई


१५ फेब्रुवारी

बाई,

लॅपटॉप माझ्या मुलीचा आहे. घरात तिला ठकी म्हणतो, तुम्हीही तेवढंच समजा.

कॉलेजात गेली तेव्हा घेऊन दिला होता. पोरगी विसरभोळी. छत्र्या हरवल्या, डबे हरवले, एकदा तर एका पायातली चप्पल बसमध्ये सोडून घरी आली. म्हणून ते कुलूप दुकानदाराकडून मीच घालून घेतलं आणि पत्ताही मीच लिहायला लावला. तिला बोललो नव्हतो. फोन नंबर मुद्दाम घातला नाही. नंबर बदलतात, घर बदलत नाही, असा माझा हिशोब.

दोन वर्षांपूर्वी तिची आई गेली. त्यानंतर काही महिन्यांत ठकीला बाहेरगावी नोकरी लागली. लॅपटॉप काखोटीला मारून गेली. आधी फोन यायचे. मग कमी झाले. मग नंबरच लागेना. पोलिसात गेलो, तर म्हणाले, "सज्ञान आहे, स्वतःच्या पायांनी गेलीय, आम्ही काय करणार?"

आणि आता तुमचं पत्र येतं की तो लॅपटॉप दुकानात विकायला होता! तो कुणी विकला? कधी? बरोबर कोण होतं? ठकी तो विकणारी नाही. तिच्या आईचे सगळे फोटो त्यात होते. त्यामुळे माझ्या मनात काय काय येतंय ते इथे लिहवत नाही.

पासवर्ड मला माहीत आहे. सांगणार नाही. आधी तो लॅपटॉप दुकानात आणून देणारा माणूस शोधून काढा, मग बोलू. तोवर पडू दे तुमच्या टेबलावर विटेसारखा.

पत्ता आहे तुमचा माझ्याजवळ. उत्तर आलं नाही तर येऊन उभा राहीन. उभा जन्म लोकांना गाडी शिकवण्यात गेलाय, रस्त्यांची मला भीती नाही.

ठकीचे बाबा


१ मार्च

काका,

पहिलं वाक्य हेच लिहिते, म्हणजे तुमचा जीव टांगणीला राहणार नाही. तुमची मुलगी जिवंत आहे, धडधाकट आहे. मी तिला भेटले.

तुमचं पत्र घेऊन मी दुकानात गेले. दुकानदार आधी नंबर द्यायला तयार होईना. "गिऱ्हाइकाचा नंबर असा वाटत सुटलो तर धंदा बंद होईल माझा," म्हणाला. मग माझ्यासमोरच त्याने फोन लावला आणि माझा कारखाना कुठे आहे ते पलीकडे सांगितलं. पलीकडून फक्त "बरं" आलं.

दोन दिवसांनी जेवणाच्या सुट्टीत ती आली. आमच्या कापणीच्या खोलीत टेबलं भिंतीपासून भिंतीपर्यंत, त्यामुळे पाहुण्याला उभं राहायला कापडाच्या गठ्ठ्यांमधली बोळकांडीच तेवढी. तिथे उभी राहिली. हातावर पांढरा कोट घडी करून टाकलेला. रक्त तपासतात तिथे कामाला आहे. बारीक आहे, पण आजारी वाटली नाही. हे मुद्दाम लिहिते, कारण तुम्ही तेच विचाराल.

"लॅपटॉप मीच विकला," म्हणाली. "उघडला की आई दिसायची. फोटो पुसायला हात होईना. मग सगळे दुसरीकडे काढून ठेवले आणि मशीनच देऊन टाकलं."

"आणि हे कुलूप?"

"कसलं कुलूप?"

मी पडद्याचा फोटो दाखवला. तिने पत्ता वाचला आणि तशीच मागच्या गठ्ठ्यावर बसली. आमच्या कापणाऱ्याने पाण्याचा ग्लास आणून दिला, तो तिने घोटभर पिऊन खाली ठेवला. मग म्हणाली, "बाबांचंच काम हे. मीसुद्धा कुठे हरवले तर कुणीतरी उचलून त्या पत्त्यावर आणून देईल, असं वाटतं त्यांना."

मी सगळं सांगितलं, तुमची अटसुद्धा. ती म्हणाली, "बरी आहे, एवढं कळवा. कुठे राहते, कुठे काम करते, काही नाही. तुमचं काम अडलंय ते कळतं मला ताई. पण एका पासवर्डसाठी मला देऊन टाकू नका."

तेव्हा काका, मी नाही सांगणार. तुमचा पासवर्ड तुमच्यापाशी राहू दे. तुम्ही माझ्या दारात येऊन उभे राहिलात तर चहा देईन, पत्ता देणार नाही.

इथेच थांबायला हवं होतं, पण माझा स्वभाव नाक खुपसायचा. तिची आई ज्या अपघातात गेली, त्याचं तिने सांगितलं. उतारावर समोरून ट्रक आला, गाडी ती चालवत होती, आई शेजारी बसली होती. म्हणाली, "बाबा मला एका शब्दाने बोलले नाहीत. बोलले असते तर बरं झालं असतं. महिन्याभरात त्यांनी ड्रायव्हिंग स्कूल बंद केलं, दोन्ही गाड्या विकल्या, पाटीवर रंग फासला. आणि माझ्याकडे बघणंच सोडलं. समोरासमोर जेवायला बसायचो, तर नजर माझ्या बाजूच्या भिंतीवर. एखाद्या माणसाला आपला चेहरा बघवत नसेल तर त्याच्या घरात किती दिवस राहायचं?"

खरं आहे का हे? मला उत्तर दिलं नाहीत तरी चालेल. पण असं तिच्या मनात आहे, हे तुम्हाला माहीत असावं असं वाटलं.

लॅपटॉपवाली


१२ मार्च

ताई,

तुमचं पत्र आलं तेव्हा आधी तुमचा भयंकर राग आला. एका परक्या बाईने माझ्या मुलीला पाणी पाजायचं आणि मला सांगायचं की पत्ता देणार नाही! पिशवी भरली आणि निघालो तुमच्याकडे यायला.

बसस्थानकापर्यंत गेलो. तिथून परत आलो. का, ते सांगतो, कारण तुमच्या प्रश्नाचं उत्तरही तेच आहे.

मला बसची पाटी वाचता आली नाही. माझ्या डोळ्यांच्या पडद्याचा मधला भाग निकामी झालाय. जिकडे बघावं तिथेच नेमका काळा डाग. कडेकडेचं दिसतं. माणसाचे कान दिसतात, खांदे दिसतात, तोंड जागेवर नसतं. तुमची पत्रं भिंगाखाली कागद तिरका धरून, एकेक शब्द कडेने पकडून वाचतो. अख्खी दुपार जाते. माझ्या ओळी एकमेकींवर चढतात, ते तुम्ही बघतच असाल.

अपघातानंतर हिचे दिवस उरकले आणि मी पुन्हा कामाला लागलो, तेव्हा कळलं. शिकाऊ पोराला म्हटलं, "सिग्नल हिरवा आहे, घे पुढे." तो म्हणाला, "सर, सिग्नल कुठाय? पोलीस उभा आहे." त्याच दिवशी डॉक्टरांकडे गेलो. त्यानंतर दुसऱ्याच्या पोरांना रस्त्यावर कसा नेणार? शाळा बंद केली ती त्यासाठी. ठकीचा त्यात काय संबंध?

तिला सांगितलं नाही. पोर आधीच आईच्या दुःखात, रात्रंदिवस गप्प. त्यात बापही आंधळा होतोय हे कुठल्या तोंडाने सांगायचं? म्हटलं, जरा सावरू दे, मग सांगू. तर ती गेलीच.

आणि मी भिंतीकडे बघायचो म्हणते? अहो, भिंतीकडे बघितलं तरच ती मला दिसायची. सरळ बघितलं की तिच्या चेहऱ्याच्या जागी काळं. म्हणून जरा बाजूला बघायचो, की कडेने तिचा चेहरा यायचा. जेवणभर बघत असायचो तिला. तिला वाटलं मी तोंड फिरवतोय.

तुमचं पत्र वाचून झालं आणि कपाट चाचपून त्या लॅपटॉपचं बिल शोधून काढलं.

पासवर्ड म्हणजे आमच्या शाळेच्या पहिल्या गाडीचा नंबर. मागच्या पानावर मोठ्या अक्षरात लिहिलाय, मध्ये जागा न सोडता टाका. मूळ बिलही पाठवतोय. त्याबदल्यात मला काही नको. तुमचं काम सुरू करा.

फक्त एक. हे डोळ्यांचं तिला कळू देऊ नका. कीव येऊन परत आलेली मुलगी मला नको. माझ्यावर एवढा उपकार करा.

ठकीचे बाबा


२० मार्च

ठकीताई,

तुला या नावाने हाक मारायचा मला अधिकार नाही, पण दुसरं नाव तू सांगितलं नाहीस. हे पाकीट दुकानदार तुझ्या हातात देईल. मी त्याला तुझा पत्ता विचारलेला नाही.

तुझ्या बाबांनी पासवर्ड पाठवला. मशीन उघडलं, कुलूप कायमचं काढून टाकलं, रात्री उशिरापर्यंत कुणाच्या खुर्चीची वाट बघणं संपलं. कालपासून एका शाळेच्या गणवेशाचं काम घरीच चाललंय. तेव्हा या पत्रामागे माझा काही स्वार्थ उरलेला नाही, हे आधी लक्षात घे.

सोबत त्यांचं पत्र ठेवलंय. शेवटच्या परिच्छेदात त्यांनी तुला सांगू नका असं लिहिलंय. मी दोन दिवस ते पत्र ड्रॉवरमध्ये ठेवून बघितलं. हातातल्या कामावर लक्ष लागेना, डाव्या बाहीच्या जागी दोनदा उजवी काढली. तू म्हणालीस पत्ता सांगू नका, मी नाही सांगितला. ते म्हणाले डोळ्यांचं सांगू नका, ते मात्र मी सांगतेय. तुम्ही दोघं एकमेकांना जपायला निघालात आणि मधल्या मध्ये माझ्या उरावर बसलात. मला हे पेलत नाही.

जा असं म्हणत नाही मी. वाच, एवढंच.

पॅटर्नवाली


२ एप्रिल

ताई,

तुम्हाला हे करायला कुणी सांगितलं होतं?

स्पष्टच लिहिते. मी तुमच्याकडे विश्वासाने बोलले होते. अपघाताचं मी इथे एकाही माणसाला सांगितलेलं नाही. तुम्ही ते जसंच्या तसं बाबांना कळवलंत, भिंतीचंसुद्धा. आणि आता त्यांनी नको म्हटलेलं मला कळवताय. तुमच्याजवळ काही टिकतं की नाही?

पत्र वाचल्यावर आधी वाटलं, बाबा थाप मारतायत. मला बोलावून घ्यायला काहीतरी काढलंय. मग अक्षराकडे बघितलं. बाबांचं अक्षर आखल्यासारखं असायचं. शाळेच्या प्रत्येक गाडीच्या मागचं 'शिकाऊ चालक' त्यांनी स्वतः रंगवलं होतं, पेंटरला हात लावू दिला नव्हता. या पत्रात काही शब्द दुसऱ्या शब्दांच्या अंगावर पडलेत. एका ठिकाणी कागद संपलाय आणि ओळ पुढे टेबलावर गेली असणार.

मी रोज लोकांच्या नसा शोधते ताई. बोट ठेवलं की कळतं कुठे टोचायचं. आणि समोर बसलेल्या बापाला दिसत नाही हे मला कळलं नाही.

पण एक गोष्ट तुम्हीही ऐका. डोळ्यांमुळे शाळा बंद झाली, ठीक. म्हणून गाडी कोण चालवत होतं ते बदलत नाही. त्या पत्रात बाबांनी याबद्दल एक अक्षर लिहिलेलं नाही. मी दहा वेळा शोधलं.

मला पुन्हा पत्र पाठवू नका.


२२ जून

ताई,

हे पत्र मी सांगतोय आणि ठकी लिहितेय, त्यामुळे या खेपेला ओळी सरळ असतील. तुम्हाला भिंग लागणार नाही.

तुम्ही माझं ऐकलं नाहीत. त्याबद्दल तुमच्याशी भांडायचं होतं, पण ती म्हणते की तुमच्याशी ती आधीच भांडलीय आणि आता लाज वाटतेय.

एप्रिलच्या अखेरीला आली. बेल वाजली, मला वाटलं सिलिंडरवाला. "कोण?" म्हणत दार उघडलं. मग दाराच्या चौकटीकडे बघितलं, तेव्हा शेजारी उभी असलेली ती दिसली. ती म्हणाली, "बाबा, मी इकडे आहे." मी म्हटलं, "माहीत आहे. म्हणूनच तिकडे बघतोय."

पहिले दोन दिवस आम्ही फार सभ्यपणे वागलो. तिसऱ्या दिवशी भांडण झालं. मोठं झालं. शेजाऱ्यांनी टीव्हीचा आवाज बंद केला, आमचं नीट ऐकू यावं म्हणून. (हे बाबांचं म्हणणं. टीव्ही चालूच होता.) ती म्हणाली, सांगितलं का नाहीत? मी म्हटलं, तू विचारलंस का? ती म्हणाली, आईबद्दल एकदा तरी बोलायचं होतंत, शिव्या द्यायच्या होत्यात. मग मी तिला सांगितलं. पोलिसांबरोबर मी त्या वळणावर दोनदा जाऊन आलो होतो. ट्रक पूर्ण तिच्या बाजूला आला होता. टायरच्या खुणा मी हाताने चाचपल्या. तिने ब्रेक वेळेवर दाबला होता, गाडी जितकी डावीकडे नेता येत होती तितकी नेली होती. त्या जागी मी असतो तरी ह्याहून वेगळं काही झालं नसतं.

ती म्हणाली, "मला बरं वाटावं म्हणून सांगताय." मी म्हटलं, "गाडी शिकवणारा माणूस आहे मी. ज्याला येत नाही त्याला येतं म्हणून कधी सोडलं नाही. तुला कशाला सोडीन?"

पटलं की नाही, ती बोलली नाही. मी परत विचारलं नाही. (पटलेलं नाही. पण ऐकलं.)

डोळ्यांत इंजेक्शनं चालू आहेत. गेलं ते परत यायचं नाही, उरलंय ते टिकवू, असं डॉक्टर म्हणतात. महिन्याला एक असतं. ठकी बरोबर येते. सुईकडे मी बघत नाही, आता त्याला निमित्तही चांगलं मिळालंय.

संध्याकाळी कोपऱ्यापर्यंत चालायला जातो. अर्ध्या गावाने माझ्याकडे गाडी शिकलीय, त्यामुळे जाता-येता हॉर्न वाजतात. मला माणूस दिसत नाही, पण गिअर कसा टाकला त्यावरून ओळखतो. परवा एक गाडी करकरत गेली. मी म्हटलं, "ही पोस्टातली बाई. हिला तीनदा परीक्षेला बसवलं होतं." ठकीने वळून बघितलं. तीच होती! तेव्हा ती हसली. ते हसणं मी दोन वर्षं ऐकलं नव्हतं.

आता तुम्ही काळजी करू नका. ठकी आता इथेच राहणार आहे. इथल्या हॉस्पिटलातही रक्त घेणारी माणसं लागतातच. तुम्ही कधी या बाजूला आलात तर घरी या.

तुमचा,
ठकीचे बाबा

*

ताई, वरचं बाबांचं. इथून खालचं माझं, ते त्यांना वाचून दाखवणार नाही.

एप्रिलमध्ये मी जे लिहिलं त्याची माफी मागते. सगळ्याची नाही. अपघाताचं तुम्ही सांगायला नको होतंत, असं मला अजूनही वाटतं. पण तुम्ही सांगितलं नसतं तर मी इथे बसून हे लिहीत नसते, हेही खरं. दोन्हीचं काय करायचं ते मला कळलेलं नाही.

इथे राहणं सोपं नाही. रस्त्यावर कुणी ब्रेक दाबला की माझ्या हातातलं भांडं खाली जातं. आईच्या कपाटाचं दार मी उघडलेलं नाही, आणि बाबांनीही उघडलेलं नाही, हे मला आल्यावर कळलं. बाबा समोर असले की बरं वाटतं. ते झोपले की वाटतं, आत्ताच निघावं. रजा दोनदा वाढवून घेतलीय, तिसऱ्यांदा मिळणार नाही. तिकडची खोली अजून माझ्याच नावावर आहे.

'ठकी आता इथेच राहणार आहे.' हे वाक्य बाबांनी सांगितलं तेव्हा माझं पेन थांबलं. मी तसं कधीच म्हटलेलं नाही. त्यांना नाही, कुणालाच नाही.

"लिहिलंस का?" त्यांनी विचारलं.

"लिहिलं," म्हटलं.

मनात म्हटलं, नंतर खोडू. त्यांना कळणारही नाही. आत्ता ते बाहेर कुंड्यांना पाणी घालतायत, बरंचसं कुंड्यांच्या बाहेरच. मी पत्र पहिल्यापासून वाचून काढलं. त्या ओळीवर पेन टेकवलं होतं. न खोडताच उचललं.

पाकीट आता चिकटवते.

ठकी